पोटखराबा

डिगस्करबाई पहिल्या दिवशी कागद देत नाहीत.
आधी चालवतात.
दांडिया बाजारात त्यांच्या दोन खोल्या,
खाली फाफड्याचं दुकान,
त्यामुळे वरच्या सगळ्या नकाशांना हिंगाचा वास.
म्हणतात, आठवणीत उतरायचं ते अनवाणी,
चप्पल घातली की जमीन सपाट वाटते.

चौतीस वर्षं त्यांनी सरकारी मोजणी केली.
साखळी ओढली, खुंट ठोकले,
भांडणाऱ्या भावांच्या मधोमध उभं राहून
छत्रीच्या टोकानं रेघ दाखवली.
निवृत्तीनंतर ही दुसरी मोजणी.
हिला सातबारा नाही, शेतसारा नाही,
फी मात्र आगाऊ.

नियम त्या जिना चढता-उतरता सांगतात.
आनंद दिसतो त्यापेक्षा बुटका भरतो,
त्याची उंची डोळ्यांनी घेऊ नये.
अपमानाला वळसा घालून पायवाट पडलेली असते;
ती वाट मोजा,
अपमान आपोआप मध्ये सापडेल.
आणि जिथं काही म्हणता काही उगवत नाही
तो पोटखराबा.
तोही क्षेत्रात धरायचा.
वजा करणारे पुढं पस्तावतात.

मी माझा तुकडा सांगितला:
विश्वामित्रीचा पूल, ऑक्टोबर, मी सात वर्षांचा.
आप्पा स्कूटर विकून निघालेत,
मागं आम्ही दोघं भावंडं, पायी.
पुलाच्या मध्यावर ते थांबतात,
खाली गाळावर पसरलेली मगर दाखवतात
आणि हसतात.
बस्स. एवढंच क्षेत्र.
तासाभराचं काम, असं मला वाटलं.

बाईंनी चष्मा वर केला.
लगतच्या कब्जेदाराला नोटीस दिलीत?

लगतची कब्जेदार गोत्रीला राहते,
ब्लाउज शिवते,
आणि चार वर्षं माझ्याशी बोलत नाही.
तिला छापील नमुना गेला:
सदर आठवणीची मोजणी रविवारी सकाळी नऊला,
हजर न राहिल्यास हद्द एकतर्फी कायम होईल.

साडेआठलाच आली उत्तरा.
गळ्यात शिवणाची टेप तशीच,
काढायची विसरलेली, की मुद्दाम.

पुलावर ऊन चढत होतं, रिक्षावाले शिव्या देत होते.
बाईंनी फलक मांडला, म्हणाल्या, बोला.
मी बोललो.
उत्तरा कठड्याला टेकून म्हणाली,
मगर नव्हती. ओंडका होता.
तू खाली बघावंस म्हणून आप्पा मगर म्हणाले.
तू बघितलंस.
मी दहाची होते, मी वर बघत होते.
ते हसले नाहीत रे.

बाईंनी खोडरबर उचलला नाही.
त्यांनी विचारलं, दोघांनाही कबूल असं काही आहे?
एक खुण पुरते.

बराच वेळ नव्हतं.
मग आम्ही एकदमच म्हणालो, किल्ली.
स्कूटर गेली होती
पण एक जादा किल्ली आप्पांच्या खिशात राहिलेली,
सुट्ट्या पैशांवर वाजत होती,
पुलाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत,
पुढं बाजवाड्याच्या गल्लीतसुद्धा.

तिथं खुंट ठोकला.
तिथून साखळी सुटली, एकदा माझ्या बाजूनं, एकदा तिच्या.
दोन्ही हद्दी जुळल्या नाहीत.
मध्ये एक पट्टी उरली, वीतभर रुंद,
आप्पांच्या चेहऱ्याएवढी.
ती कुणाच्या नावे लावायची?
बाईंनी रंग भरला नाही, बारीक अक्षरात लिहिलं:
पोटखराबा, सामायिक.

अर्धी फी उत्तरानं दिली.
मी नको म्हणालो नाही, तिला ते आवडलं असावं.
मग तिनं पर्समधून शिवणाचा खडू काढला
आणि नदीच्या निळ्यात
एक मगर काढली, जबडा उघडा, शेपटी जरा जास्तच लांब.
असू दे, म्हणाली. झटकली की जाते.

नकाशाची घडी मीच घातली.
घरी येऊन उघडली तर
मगर दोन होत्या,
एक तिनं काढलेली
आणि समोर, उलट तोंडाची, पुसट,
माझ्या काठावर उमटलेली.